दहा क्रमांकाच्या घरातला कारभारी : डाउनिंग स्ट्रीटच्या चीफ ऑफ स्टाफ पदाचे परीक्षण

पंतप्रधान कार्यालय सांभाळणाऱ्या चीफ ऑफ स्टाफची सेवा एका वेळी एकाच ग्राहकाला मिळते आणि तो ग्राहक म्हणजे ब्रिटनचा पंतप्रधान. तरीही तिचे परीक्षण व्हायला हवे, कारण ती बिघडली की त्रास त्या एकट्याला होत नाही. मंत्र्यांच्या फायली अडतात, खासदारांना उत्तरे मिळत नाहीत, अधिकाऱ्यांना नेमके कोणाचे ऐकायचे ते कळत नाही. १९९७ पासून ही सेवा इतक्या तऱ्हांनी चालवून झाली आहे की कोणती पद्धत टिकते आणि कोणती वर्षभरात मोडते, हे आता बऱ्यापैकी ठामपणे सांगता येते.

मराठीत या पदाला जवळचा शब्द ‘कारभारी’. पण नाना फडणविसांच्या हाती दफ्तर होते, हिशेब होता. लंडनच्या या कारभाऱ्याच्या हाती दोन्ही नाहीत. सेवा समजून घ्यायची तर सुरुवात इथूनच करावी लागते.

चीफ ऑफ स्टाफ हा सहसा ‘विशेष सल्लागार’ असतो, म्हणजे पगार सरकारी पण नेमणूक राजकीय. २०१० च्या घटनात्मक सुधारणा आणि शासन कायद्याने अशा सल्लागारांवर तीन स्पष्ट बंधने घातली आहेत. त्यांना सरकारी खर्च मंजूर करता येत नाही. इतर विशेष सल्लागार सोडले तर सनदी अधिकाऱ्यांच्या नेमणुका, बढत्या किंवा मूल्यमापनात त्यांना हात घालता येत नाही. आणि कायद्याने मंत्र्याला दिलेला कोणताही अधिकार ते स्वतः वापरू शकत नाहीत. मग उरते काय? पंतप्रधानांचे मत, सूचना आणि प्राधान्यक्रम अधिकाऱ्यांपर्यंत पोहोचवणे, माहिती मागवणे, आणि अधिकाऱ्यांनी तयार केलेल्या टिपणावर शेरा मारणे. त्यातही अट अशी की शेरा मारता येतो, पण मूळ टिपण दाबून ठेवता येत नाही किंवा त्याच्या जागी आपले घुसवता येत नाही.

म्हणजे सगळी ताकद एका वाक्यात : ‘पंतप्रधानांना असं हवंय.’ हे वाक्य खरे असेल तोवर अख्खे व्हाइटहॉल, म्हणजे सगळी सरकारी खाती, हलते. पंतप्रधानांना न विचारता ते दोनतीनदा वापरले गेले, तर अधिकारी खात्री करून घ्यायला प्रमुख खासगी सचिवाकडे जाऊ लागतात. हा खासगी सचिव सनदी अधिकारी असतो आणि पंतप्रधानांच्या दाराबाहेरच बसतो. ‘खरंच तसं म्हणाले का?’ हा प्रश्न त्याच्याकडे वारंवार यायला लागला, की सेवा आतून नादुरुस्त झाली असे समजावे. वर्तमानपत्रांत बातमी येईपर्यंत थांबायची गरज नाही.

१९९७ मध्ये टोनी ब्लेअर यांनी यावर कायदेशीर तोडगा काढून पाहिला. पंतप्रधान कार्यालयातल्या जास्तीत जास्त तीन राजकीय नेमणुकांना सनदी अधिकाऱ्यांना थेट आदेश देता येतील, असा आदेश त्यांनी प्रिव्ही कौन्सिल या राजघराण्याच्या सल्लागार मंडळामार्फत काढला. तीनपैकी दोनच जागा वापरल्या गेल्या : चीफ ऑफ स्टाफ जोनाथन पॉवेल आणि माध्यमप्रमुख अलिस्टर कॅम्पबेल. जून २००७ मध्ये गॉर्डन ब्राउन यांनी पंतप्रधान होताच तो आदेश रद्द केला. त्यानंतर कुणालाही तो अधिकार मिळाला नाही आणि माझ्या मते त्याने काही बिघडलेही नाही. पॉवेल यांचे वजन त्या कागदामुळे नव्हते. ते १९९५ पासून, म्हणजे ब्लेअर विरोधी पक्षनेते असल्यापासून त्यांच्याबरोबर होते आणि ते बोलले म्हणजे ब्लेअर बोलले, हे सगळ्यांना ठाऊक होते.

रोजच्या कामात या सेवेची खरी कसोटी दोन ठिकाणी लागते : लाल पेटी आणि मंत्रिमंडळातला फेरबदल. बाकीची कामे या दोन्हींच्या मानाने सोपी. बुधवारी दुपारी १२ वाजता सभागृहात अर्धा तास प्रश्नोत्तरे असतात, मंगळवारी सकाळी मंत्रिमंडळाची बैठक. कोणती घोषणा कोणत्या दिवशी व्हायची हे ठरवणारा ‘ग्रिड’ नावाचा तक्ता असतो. ही सगळी घड्याळाने बांधलेली कामे आहेत आणि ती सांभाळायला वेगळी माणसे असतात.

लाल पेटीचे तसे नाही. पंतप्रधानांनी संध्याकाळी किंवा शनिवार-रविवारी वाचायची कागदपत्रे त्या पेटीत जातात. प्रत्येक प्रकरणावर खासगी सचिवाची छोटी टीप असते : निर्णय काय हवा, कधीपर्यंत हवा, कोणत्या खात्याचे काय म्हणणे आहे, अर्थखात्याची हरकत आहे का. पंतप्रधान खूण करतात किंवा समासात दोन शब्द लिहितात आणि सकाळी ते उत्तर आदेश म्हणून खात्यांत जाते. चीफ ऑफ स्टाफचे काम पेटी बंद होण्याआधीचे. हे प्रकरण खरोखर पंतप्रधानांपर्यंत जायला हवे का? खाली दोन मंत्र्यांत मिटण्यासारखे आहे का? टिपेत राजकीय धोका लिहिला आहे का, की फक्त प्रशासकीय बाजू आली आहे?

बिघाड इथे दोन बाजूंनी होतो. चाळणी सैल ठेवली तर पेटी फुगते, पंतप्रधान मध्यरात्रीपर्यंत किरकोळ कागद वाचतात आणि महत्त्वाच्या कागदावर दमलेल्या डोळ्यांनी खूण होते. चाळणी फार घट्ट केली तर कागद चीफ ऑफ स्टाफच्या टेबलावर तुंबतात. खाती आठवडेच्या आठवडे उत्तराची वाट पाहतात आणि मंत्री पंतप्रधानांना परस्पर फोनवर संदेश पाठवू लागतात. हा दुसरा बिघाड जास्त वाईट. फोनवरच्या संदेशाला टीप नसते, अर्थखात्याची हरकत नसते, आणि पंतप्रधानांनी नुसते ‘बरं’ म्हटले तरी चारचौघांत त्याचा निर्णय झाल्याची हवा होते. चांगला चीफ ऑफ स्टाफ कागद अडवून धरत नाही. तो त्याच दिवशी ‘हे वर जाणार नाही, तुम्ही दोघे शुक्रवारपर्यंत मिटवा’ असे सांगून परत पाठवतो. नकार लवकर मिळाला तर खाते काम करू शकते. उत्तरच आले नाही तर काहीच करू शकत नाही.

आता फेरबदल. बाहेरून हा राजकीय डावपेचांचा खेळ वाटतो, पण आतून तो मुख्यतः हिशेबाचा आणि वेळापत्रकाचा प्रकार आहे. १९७५ च्या कायद्यांनी मर्यादा ठरवलेल्या आहेत : पगारी मंत्रिपदांच्या संख्येला कमाल मर्यादा (मूळ कायद्यात १०९), त्यात प्रतोदही आले, आणि कनिष्ठ सभागृहात बसणारे मंत्री ९५ पेक्षा जास्त असता कामा नयेत. फळ्यावर सगळी पदे मांडायची, नावांच्या चिठ्ठ्या हलवत राहायच्या आणि प्रत्येक वेळी बेरीज पुन्हा करायची. मुख्य प्रतोदाला विचारल्याशिवाय एकही चिठ्ठी पक्की करू नये. कोणता खासदार काढला तर मागच्या बाकावरून रोज त्रास देईल, हे त्याला जास्त कळते. शिवाय कॅबिनेट ऑफिसचा औचित्य आणि नीतिमत्ता विभाग हितसंबंधांची तपासणी करतो. हे काम आदल्या रात्रीवर ढकलले तर दुपारी चारला घोषणा थांबवावी लागते.

प्रत्यक्ष दिवशी क्रम असा. आधी काढायचे ते. त्यांना शक्यतो संसदेतल्या, सभापतींच्या आसनामागच्या पंतप्रधानांच्या खोलीत बोलावतात, म्हणजे दहा क्रमांकाच्या (१० डाउनिंग स्ट्रीट, पंतप्रधानांचे घर आणि कार्यालय) दारावरच्या कॅमेऱ्यांसमोरून पडलेल्या चेहऱ्याने जावे लागत नाही. एवढा मान राखणे चीफ ऑफ स्टाफच्या हातात असते आणि तो राखला गेला की काढलेला माणूस वर्षभर शांत राहण्याची शक्यता वाढते. मग मोठी पदे, आणि त्यानंतर खाली खाली. पदांची ही साखळी असल्यामुळे एकाने नाही म्हटले की पुढची चार पदे लटकतात.

८ जानेवारी २०१८ चा थेरेसा मे यांचा फेरबदल याचा धडा आहे. आरोग्यमंत्री जेरेमी हंट यांनी खाते सोडायला नकार दिला आणि उलट नावात ‘सामाजिक देखभाल’ जोडून घेऊन बाहेर आले. शिक्षणमंत्री जस्टिन ग्रीनिंग यांनी दुसरे खाते घेण्याऐवजी सरकार सोडले. त्याआधी सकाळी मे यांच्या हुजूर (कॉन्झर्व्हेटिव्ह) पक्षाच्या अधिकृत ट्विटर खात्यावरून ख्रिस ग्रेलिंग पक्षाध्यक्ष झाल्याची चुकीची घोषणा होऊन ती मागे घ्यावी लागली होती. कारण उघड आहे. २०१७ च्या निवडणुकीत मे यांचे बहुमत गेलेले होते आणि ‘नाही’ म्हणणाऱ्याला काढण्याची ताकद पंतप्रधानांकडे उरली नव्हती. अशा वेळी फळ्यावर दुसरी मांडणी तयार हवी. प्रत्येक मोठ्या पदासाठी ‘हा अडला तर काय’ याचे उत्तर आदल्या रात्री लिहून ठेवलेले नसेल, तर फेरबदल पुढे ढकललेला बरा.

आता या सेवेचे प्रकार पाहू. सगळे सारखे नाहीत आणि माझी पसंती लपवत नाही.

पॉवेल यांचा प्रकार सर्वात टिकाऊ ठरला : पूर्ण दहा वर्षे, १९९७ ते २००७. ते मूळचे परराष्ट्र सेवेतले. वाटाघाटीची सवय आणि पडद्यामागे राहण्याची शिस्त तिथूनच आलेली. उत्तर आयर्लंडच्या शांतता प्रक्रियेत, १९९८ च्या गुड फ्रायडे करारात आणि त्यानंतरच्या अनेक वर्षांच्या चर्चांत पंतप्रधानांच्या वतीने ते सतत होते. त्या कामाला सलग दहा वर्षे एकच माणूस लागतो आणि तो मिळाला. या प्रकारात तक्रारीलाही जागा आहे. निर्णय छोट्या खोलीत, थोड्या माणसांत, नोंदीशिवाय होत गेले. इराक युद्धापूर्वीच्या माहितीची तपासणी करणाऱ्या २००४ च्या बटलर समितीने या अनौपचारिक पद्धतीवर नेमके बोट ठेवले. ज्याला ही पद्धत हवी असेल त्याने प्रत्येक बैठकीत नोंद घेणारा खासगी सचिव बसवलाच पाहिजे. त्यात सूट नको.

एडवर्ड लेवेलिन (२०१० ते २०१६) हा त्याच प्रकाराचा अधिक शांत नमुना. डेव्हिड कॅमेरॉन यांच्याबरोबर ते २००५ पासून होते. त्याआधी हाँगकाँगमध्ये ख्रिस पॅटन यांच्याकडे आणि बोस्नियात पॅडी ॲशडाउन यांच्याकडे काम केलेले. पॅटन हुजूर पक्षाचे, ॲशडाउन लिबरल डेमोक्रॅट. २०१० मध्ये याच दोन पक्षांचे संयुक्त सरकार आले, तेव्हा दोन्हीकडची माणसे ओळखणारा कारभारी हाताशी असणे किती उपयोगाचे ठरले असेल ते वेगळे सांगायला नको. पाच वर्षे ते सरकार टिकले.

दोघांनी मिळून पद सांभाळण्याचा प्रयोग २०१६ मध्ये झाला : थेरेसा मे यांचे निक टिमथी आणि फिओना हिल. गृहखात्यात मे यांच्याबरोबर दोघांनी काम केलेले, निष्ठेबद्दल शंकाच नाही. पण एका खात्यात मंत्र्याभोवती उभारलेली भिंत पंतप्रधानांभोवती उभारली की सगळे मंत्रिमंडळच बाहेर राहते. १८ मे २०१७ ला जाहीरनामा आला. त्यातले वृद्धांच्या देखभाल खर्चाचे धोरण प्रचाराच्या ऐन भरात चार दिवसांत, २२ मे रोजी बदलावे लागले. ज्यांना दारोदार जाऊन ते पटवून द्यायचे होते, त्या मंत्र्यांनाच ते आधी नीट दाखवले गेले नव्हते. ८ जूनला बहुमत गेले आणि ९ जूनला दोघांचे राजीनामे आले. जोडीचा हा प्रकार पुन्हा कोणी घेऊ नये असे मी स्पष्ट सांगेन. दोन दारवान असले की अडवणारे दुप्पट, आणि पंतप्रधानांशी वाद घालू शकणारा एकही नाही, कारण दोघे आपसात आधीच ठरवून येतात.

सनदी अधिकाऱ्यालाच हे पद देऊन पाहण्याचा प्रयोग ब्राउन यांनी केला. अर्थखात्यातले टॉम स्कॉलर चीफ ऑफ स्टाफ आणि प्रमुख खासगी सचिव अशा दोन्ही खुर्च्यांवर होते. कागद वेळेवर हलतात, नोंदी नीट राहतात, पण २००७ च्या शरद ऋतूत मुदतपूर्व निवडणूक घ्यायची की नाही या घोळात ज्या राजकीय आवाजाची गरज होती, तो सनदी अधिकारी देऊ शकत नाही. देऊही नये, ते त्याच्या सेवेच्या नियमात बसत नाही. जानेवारी २००८ मध्ये ही व्यवस्था मोडीत निघाली.

खासदाराला नेमण्याचा प्रयोग फेब्रुवारी २०२२ चा, बोरिस जॉन्सन यांच्या काळातला. स्टीव्ह बार्कले एकाच वेळी मतदारसंघाचे खासदार, कॅबिनेट मंत्री आणि चीफ ऑफ स्टाफ होते. फायदा एकच : तो सभागृहात उत्तर देऊ शकतो, मागच्या बाकांवर बसून कुजबुज ऐकू शकतो. तोटा मोठा आहे. त्याला स्वतःचे पुढचे पद हवे असते, आणि त्याच फळ्यावर त्याच्याही नावाची चिठ्ठी असते. जुलै २०२२ मध्ये ते आरोग्यमंत्री झाले. त्याउलट गॅव्हिन बारवेल यांचे उदाहरण घ्या. माजी मंत्री, माजी प्रतोद, २०१७ मध्ये क्रॉयडन सेंट्रलची जागा हरलेले. सभागृह ओळखणारा पण आता त्या शर्यतीत नसलेला माणूस. बहुमत नसलेल्या सरकारला हा प्रकार मी सुचवेन, फक्त अपेक्षा मर्यादित ठेवावी. १५ जानेवारी २०१९ ला ब्रेक्झिट करार ४३२ विरुद्ध २०२ मतांनी पडला. आकडेच नसतील तर कारभारी कुठून आणणार?

आणि डॉमिनिक कमिंग्ज. २०१९-२० मध्ये जॉन्सन यांच्याकडे त्यांचे पदनाम ‘मुख्य सल्लागार’ होते, पण सत्ता चीफ ऑफ स्टाफपेक्षा जास्त. स्वतःचा कार्यक्रम घेऊन आलेला सल्लागार म्हणजे काय, याचे हे सर्वात स्पष्ट उदाहरण. १३ फेब्रुवारी २०२० ला अर्थमंत्री साजिद जाविद यांना सांगण्यात आले की तुमचे सगळे सल्लागार काढा, नवे दहा क्रमांकाशी जोडून देऊ. त्यांनी राजीनामा दिला, तोही अर्थसंकल्पाला महिना राहिला असताना. नियमाप्रमाणे सगळ्या विशेष सल्लागारांच्या नेमणुकीला पंतप्रधानांची संमती लागते, त्यामुळे मागणी बेकायदा नव्हती. पण अर्थमंत्र्याला स्वतःची माणसे नकोत असे म्हणणे म्हणजे मंत्रिमंडळच नको म्हणण्यासारखे आहे. त्याच वर्षी २५ मे रोजी टाळेबंदीतल्या प्रवासाचा खुलासा करायला सल्लागाराला डाउनिंग स्ट्रीटच्या बागेत पत्रकार परिषद घ्यावी लागली. सल्लागार स्वतःच बातमी झाला, की पंतप्रधानांचा वेळ त्याला सांभाळण्यात जातो. नोव्हेंबर २०२० मध्ये ते गेले, आणि ८० जागांच्या बहुमताचे पहिले वर्ष त्यात खर्ची पडले.

किमतीबद्दल थोडक्यात. २०१६ मध्ये टिमथी आणि हिल यांना प्रत्येकी वर्षाला १,४०,००० पौंड मिळत. सप्टेंबर २०२४ मध्ये तेव्हाचे पंतप्रधान कीर स्टार्मर यांच्या चीफ ऑफ स्टाफ सू ग्रे यांचा पगार १,७०,००० पौंड असल्याचे बीबीसीने दिले, पंतप्रधानांच्या पगारापेक्षा सुमारे ३,००० ने जास्त. कामाचे तास पाहता रक्कम फार नाही. पण सल्लागारांचे पगार कायद्यानुसार दरवर्षी जाहीर होतात, आणि इतर सल्लागार आपल्या पगारावर नाराज असताना हा आकडा त्याआधीच आतलेच लोक फोडतात. ६ ऑक्टोबर २०२४ ला ग्रे पायउतार झाल्या आणि निवडणूक मोहीम चालवलेले मॉर्गन मॅकस्वीनी आले, हाताखाली दोन उपप्रमुख घेऊन. ग्राहकाला सल्ला एवढाच : कारभाऱ्याचा पगार आपल्यापेक्षा कमी ठेवा, आणि पहिल्याच आठवड्यात बाकी सगळ्या सल्लागारांचे करार सह्या करून मोकळे करा. पगार न ठरलेला सहकारी सर्वात महाग पडतो.

सेवा घ्यायची ठरली तर काही गोष्टी आधीच कागदावर ठरवून घ्याव्यात. पेटी शेवटी कोण बंद करणार, पत्रकारांशी कोण बोलणार (चीफ ऑफ स्टाफने बोलूच नये), पक्ष कार्यालयाशी संबंध कोणाकडे, आणि तो आजारी पडला तर जागी कोण. जागेचाही विचार हवा. दहा क्रमांक ही जोडून जोडून वाढवलेली जुनी घरे आहेत, खोल्या छोट्या, जिने अरुंद. पंतप्रधानांच्या दारापासून किती पावलांवर टेबल आहे, यावर तिथे माणसाचे वजन मोजतात. ब्राउन यांनी २००८ मध्ये त्याच रस्त्यावरच्या बारा क्रमांकात एका मोठ्या खोलीत सगळ्यांना एकत्र बसवून पाहिले. माहिती लवकर फिरली, पण खासगीत वाईट बातमी सांगायची सोय गेली. माझे मत खासगी खोलीच्या बाजूने. ‘हे करू नका’ हे पंतप्रधानांना दार लावून सांगता यायला हवे, आणि पंतप्रधानांनी ते आठवड्यातून एकदा तरी ऐकायची तयारी ठेवायला हवी. ती तयारी नसेल तर कोणताही प्रकार घेतला तरी पैसे वाया.

सेवेची मुदत शेवटपर्यंत अनिश्चित असते. पंतप्रधान गेले की त्याच दिवशी विशेष सल्लागाराची नेमणूक संपते. सार्वत्रिक निवडणूक असेल तर मतदानाच्या दुसऱ्या दिवसाअखेर संपतेच. ४ जुलै २०२४ च्या मतदानानंतर ऋषी सुनाक यांचे लियम बूथ-स्मिथ आणि त्यांचे सहकारी असेच बाहेर पडले, आणि ५ जुलैला नवी माणसे त्याच खुर्च्यांवर बसली. संकेत असा की आधीच्या सरकारची अंतर्गत कागदपत्रे नव्या सरकारच्या राजकीय माणसांना दाखवत नाहीत. त्यामुळे नव्या चीफ ऑफ स्टाफला कपाट रिकामेच मिळते. जुने काय अडले होते, कोणती फाईल तीन वेळा परत गेली होती, हे माहीत असते ते फक्त मागे राहिलेल्या खासगी सचिवांना. त्यांनाही ते कागद दाखवता येत नाहीत. पण कामे कुठे अडकतात, कोणत्या खात्याला उत्तर द्यायला वेळ लागतो, एवढे ते सांगू शकतात. पहिल्या सकाळचा पहिला तास त्यांच्यासाठी राखून ठेवावा.